स्विफ्ट असो वा विस्टा, बॉनेटखाली इंजिन एकच! फियाटचं १.३ डिझेल इंजिन कशाने बिघडतं आणि ते टिकवायचं कसं?

सकाळची वेळ. सोसायटीच्या पार्किंगमध्ये रात्रभर उभी असलेली डिझेल स्विफ्ट चालू होते. पहिले तीन-चार सेकंद बॉनेटखालून खडखड आवाज येतो, पत्र्याच्या डब्यात खिळे हलवावेत तसा. मग आवाज थांबतो, गाडी नेहमीसारखी पळते आणि मालक म्हणतो, "डिझेल गाडी आहे, एवढा आवाज चालायचाच!"

नेमकं इथेच चुकतं. तो खडखडाट डिझेलचा नसतो, इंजिनातल्या चेनचा असतो. तो वेळेत ऐकला तर काम चेन बदलण्यावर भागतं. दुर्लक्ष केलं तर एक दिवस गाडी रस्त्यातच बंद पडते आणि गॅरेजवाला सांगतो, "साहेब, इंजिन खोलावं लागेल."

हे इंजिन म्हणजे फियाटचं १.३ लिटरचं मल्टिजेट डिझेल. भारतात ते इतक्या कंपन्यांच्या इतक्या गाड्यांमध्ये बसलं, की गाड्यांचे शौकीन त्याला गमतीने 'नॅशनल इंजिन' म्हणायचे. आता ते नव्या गाड्यांमध्ये मिळत नाही. पण जुन्या गाड्यांच्या बाजारात आणि टॅक्सीच्या स्टँडवर ते आजही दिसतं. कोणाची रोजची गाडी त्यावर चालते, तर कोणाचं घर. म्हणूनच हे इंजिन कुठे कमजोर आहे आणि कुठे दणकट, हे माहीत असलेलं बरं.

एक इंजिन, अनेक नावं

हे इंजिन २००३ मध्ये युरोपात आलं. फियाट आणि जनरल मोटर्स या दोन कंपन्यांची त्या काळात भागीदारी होती, त्यातून ते तयार झालं. चार सिलिंडर, सोळा व्हॉल्व्ह आणि क्षमता १२४८ सीसी. २००५ मध्ये १ ते १.४ लिटर गटात त्याला 'इंटरनॅशनल इंजिन ऑफ द इयर' हा पुरस्कार मिळाला.

'मल्टिजेट' या नावाचा अर्थही सोपा आहे. जुन्या डिझेल इंजिनात सिलिंडरमध्ये एकदम डिझेल सोडलं जायचं, त्यामुळे मोठा ठोका बसायचा आणि इंजिन ट्रॅक्टरसारखं आवाज करायचं. इथे तेच डिझेल एका वेळी छोट्या छोट्या हप्त्यांत फवारलं जातं. त्यामुळे आवाज कमी, धूर कमी आणि ॲव्हरेज जास्त.

भारतात २००७ मध्ये मारुतीने डिझेल स्विफ्ट आणली आणि हे इंजिन घराघरांत पोहोचलं. मारुतीच्या गाड्यांवर त्याचं नाव होतं 'डीडीआयएस'. डिझायर, रिट्झ, एर्टिगा, सियाझ, व्हिटारा ब्रेझा अशी ही यादी वाढत गेली. टाटाने इंडिका विस्टा, मान्झा, झेस्ट, बोल्ट यांत तेच इंजिन 'क्वाड्राजेट' नावाने दिलं. फियाटच्या स्वतःच्या पुंटो आणि लिनियामध्ये ते होतंच. शेव्हरोलेच्या सेल आणि एन्जॉयमध्येही होतं. मारुतीसाठी ते हरियाणात मानेसरला बनायचं, तर फियाट आणि टाटांसाठी पुण्याजवळच्या रांजणगावला. म्हणजे यातली कित्येक इंजिनं अस्सल महाराष्ट्रात बनलेली आहेत.

ढोबळमानाने त्याचे दोन प्रकार आले. एक ७५ पीएसचा, साध्या टर्बोचा. दुसरा ९० पीएसचा, ज्यात टर्बोच्या आतली पाती वेगानुसार कोन बदलतात. पुढे १ एप्रिल २०२० पासून बीएस-६ नियम लागू झाले. छोट्या डिझेल इंजिनाला त्या नियमांत बसवण्याचा खर्च परवडेना, म्हणून कंपन्यांनी ते बंद केलं.

आता बघू, यात नेमकं बिघडतं काय.

१. टायमिंग चेन : सगळ्यात महागडं दुर्लक्ष

इंजिनात खाली पिस्टन वरखाली होतात आणि वर व्हॉल्व्ह उघडतात-मिटतात. या दोघांचा ताल जुळलेला असावा लागतो. तो ताल राखायचं काम अनेक गाड्यांमध्ये रबरी पट्टा करतो, आणि तो ठरावीक किलोमीटरनंतर बदलावाच लागतो. १.३ मल्टिजेटमध्ये पट्ट्याऐवजी लोखंडी चेन आहे. तिला बदलीची ठरलेली तारीख नाही. त्यामुळे 'चेन आहे, बघायलाच नको' असा समज पसरला.

पण चेन म्हणजे शेवटी सायकलच्या चेनसारखीच. कड्यांच्या सांध्यांत झीज होत जाते आणि चेन लांब होते. ती ताणून धरायला एक टेन्शनर असतो, आणि हा टेन्शनर चालतो इंजिन ऑइलच्या दाबावर. रात्रभर गाडी उभी राहिली की ऑइल खाली उतरतं. सकाळी किल्ली फिरवली की दाब तयार व्हायला क्षणभर लागतो. चेन चांगली असेल तर तेवढ्यात काही बिघडत नाही. चेन सैल झालेली असेल किंवा टेन्शनर थकला असेल, तर ती त्या वेळात आतल्या पट्ट्यांवर आपटते. सुरुवातीला सांगितलेला खडखडाट तो हाच.

पुढे चेन एखाददुसऱ्या दात्यावरून उडी मारते. ताल चुकला की व्हॉल्व्ह आणि पिस्टन एकमेकांना भिडतात. नशीब असेल तर फक्त रॉकर तुटतात, नसेल तर व्हॉल्व्ह वाकतात आणि हेड उतरवावं लागतं.

उपाय काय? गार इंजिनाचा आवाज आठवड्यातून एकदा तरी खिडकी उघडून, गाणी बंद करून ऐका. खडखड रोज येऊ लागली तर थांबू नका. चेन बदलताना टेन्शनर, गाइड पट्ट्या आणि दातेरी चाकं असा पूर्ण संच बदला. चेनपर्यंत पोहोचायला बाजूचं झाकण आणि खालचं ऑइलचं चेंबर उतरवावं लागतं. मजुरी तीच लागणार असते, त्यामुळे नुसती चेन बदलून पैसे वाचत नाहीत.

२. तीन लिटरचा हिशोब

आता येतो मूळ मुद्दा. या इंजिनात ऑइल मावतं साधारण ३ लिटरच्या आसपास. चेनचा टेन्शनर, टर्बोचं बेअरिंग, व्हॉल्व्हखालचे हायड्रॉलिक टॅपेट, सगळ्यांचा भार या तीन लिटरवर आहे. त्यातलं एक लिटर कमी झालं, तर इंजिनाचा जवळपास एक तृतीयांश आधार गेला असं समजा.

ऑइल कमी कसं होतं? थोडं जळतं, थोडं गळतं, आणि जुन्या इंजिनात हा वेग वाढतो. सर्व्हिस वर्षातून एकदा होते, पण मधल्या महिन्यांत पातळी कोणी बघतच नाही. डॅशबोर्डवरचा लाल दिवा तर ऑइलचा दाब धोक्याच्या खाली गेल्यावर लागतो, ऑइल कमी होऊ लागल्यावर नाही. तो दिवा लागला की पुढच्या पंपापर्यंत जाऊ, असा विचार करायचा नसतो. गाडी बाजूला घेऊन लगेच बंद करायची असते.

यासाठी एक सवय पुरेशी आहे. दर पंधरा दिवसांनी सपाट जागेवर, इंजिन बंद करून पाच-दहा मिनिटांनी ऑइलची पट्टी काढून बघा. पातळी दोन खुणांच्या मध्ये, शक्यतो वरच्या खुणेच्या जवळ हवी. वरच्या खुणेपेक्षा जास्त भरणंही वाईटच.

दोन गैरसमजही दूर करायला हवेत. पहिला, 'ऑइल काळं झालं म्हणजे खराब झालं.' डिझेल इंजिनात नवं ऑइल काही दिवसांतच काळं पडतं, कारण ज्वलनातली काजळी ते स्वतःत धरून ठेवतं. ते त्याचं कामच आहे. दुसरा, 'जाड ऑइल टाकलं की जुनं इंजिन शांत होतं.' आवाज थोडा दबेल, पण जाड ऑइल सकाळी वरपर्यंत पोहोचायला उशीर लावतं आणि चेनचं नुकसान वाढतं. गाडीच्या पुस्तकात दिलेल्या ग्रेडचं, डिझेलसाठीचं ऑइल टाका. गाडी मुख्यतः शहरातल्या ट्रॅफिकमध्ये किंवा अगदी थोड्या अंतरासाठी चालत असेल, तर पुस्तकातल्या मुदतीच्या आधीच ऑइल आणि फिल्टर बदला. सगळ्या कामांमध्ये सगळ्यात स्वस्त आणि सगळ्यात उपयोगी काम हेच आहे.

३. टर्बो : पळायला लावा, पण आधी श्वास घेऊ द्या

छोट्या टर्बोचं चाक मिनिटाला दोन लाखांच्या घरात फेरे घेऊ शकतं. ते फिरतं ऑइलच्या पातळ थरावर. गाडी चालू करताच जोरात ॲक्सिलरेटर दाबला तर ऑइल पोहोचण्याआधीच बेअरिंग घासतं. आणि खंबाटकी घाट चढून वर आल्या आल्या गाडी थांबवून किल्ली काढली, तर तापलेल्या टर्बोतलं ऑइल जागेवरच करपतं.

म्हणून चालू केल्यावर अर्धा मिनिट थांबा आणि पहिले एक-दोन किलोमीटर सावकाश चालवा. घाट किंवा एक्स्प्रेसवेनंतर थांबताना इंजिन मिनिटभर आयडलवर राहू द्या. शहरात हळू चालवत घरी आलात तर या थांबण्याची गरज नाही.

पिकअप गेला, काळा धूर आला आणि शिट्टीसारखा आवाज ऐकू आला, की अनेक ठिकाणी थेट 'टर्बो गेला' असं सांगितलं जातं. पण बऱ्याचदा टर्बोपासून इंजिनाकडे हवा नेणारा रबरी पाइप फाटलेला असतो किंवा त्याची क्लिप सैल झालेली असते. त्यामुळे आधी पाइप तपासून घ्या, मग टर्बोचं बोला.

एक दुर्मीळ पण धोकादायक प्रकारही माहीत असावा. टर्बोचं सील गेलं की ऑइल हवेच्या वाटेने इंजिनात शिरतं आणि इंजिन ते ऑइलच जाळू लागतं. मग किल्ली काढली तरी इंजिन बंद होत नाही, उलट वेग वाढत जातो. अशा वेळी मॅन्युअल गाडी वरच्या गिअरमध्ये टाकून, ब्रेक घट्ट दाबून क्लच सोडला तर इंजिन बंद पडतं. ते जमत नसेल तर सगळ्यांना उतरवून गाडीपासून लांब जा.

४. ईजीआर : काजळीने चोंदलेला दरवाजा

धुरातला थोडा भाग परत इंजिनात सोडून नायट्रोजनची विषारी संयुगं कमी करायची, यासाठी ईजीआर नावाचा व्हॉल्व्ह असतो. धुरातली काजळी आणि ऑइलची वाफ एकत्र आली की डांबरासारखा चिकट थर बसतो. मग व्हॉल्व्ह अर्धवट उघडा अडकतो. गाडी झटके देते, पिकअप मरतो, धूर वाढतो आणि चेक इंजिनचा दिवा लागतो.

हे इंजिन २००० आरपीएमच्या खाली थोडं सुस्त असतं. त्यामुळे चौथ्या गिअरमध्ये ३० च्या वेगाने रेटत चालवलं तर काजळी वाढते. '५०० रुपयांचं डिझेल वाचवायला' वरच्या गिअरमध्ये इंजिन कुथवणारे इथेच फसतात. आठवड्यातून एकदा तरी मोकळ्या रस्त्यावर, इंजिन पूर्ण तापल्यावर, २५०० ते ३००० आरपीएमवर पंधरा-वीस मिनिटं गाडी चालवा. ९० पीएसच्या टर्बोतली हलती पाती मोकळी राहायलाही याची मदत होते.

काही ठिकाणी ईजीआरवर पत्रा लावून तो कायमचा बंद करून देतात. तात्पुरतं बरं वाटतं, पण प्रदूषण वाढतं आणि प्रदूषण नियंत्रणाची यंत्रणा बंद पाडणं कायद्यालाही धरून नाही. व्हॉल्व्ह काढून साफ करता येतो, आणि तोच योग्य मार्ग.

५. नोझल आणि डिझेल : पाण्याचा एक थेंबही महाग

कॉमन रेल पद्धतीत डिझेलचा दाब १६०० बारपर्यंत जातो. नोझलची छिद्रं अतिशय बारीक कामाची, आणि पंपाला वंगण मिळतं ते डिझेलचंच. त्यामुळे डिझेलमध्ये पाणी, कचरा किंवा रॉकेलची भेसळ असेल तर त्याचा फटका थेट पंप आणि नोझलला बसतो.

सकाळी गाडी उशिरा चालू होणं, आयडलला थरथरणं, पांढरा किंवा काळा धूर, ही नोझलची लक्षणं. इथेही घाई नको. प्रत्येक नोझलमधून किती डिझेल परत जातं, हे बाटल्या लावून मोजण्याची साधी चाचणी असते. चारपैकी खराब नोझल कोणतं ते त्यातून कळतं. चारही बदलायला सांगितलं तर आधी ही चाचणी मागा. इंजिनाच्या वरून 'चुक-चुक' आवाज आणि काळा चिकट थर दिसत असेल, तर अनेकदा नोझलखालचा वॉशर गेलेला असतो.

काळजी साधी आहे. डिझेल फिल्टर वेळेवर बदला आणि त्याच्या तळाशी साठलेलं पाणी सोडून द्या, विशेषतः पावसाळ्यात. टाकी रिझर्व्हच्या खाली जाऊ देऊ नका. खात्रीच्या पंपावरच डिझेल भरा. आणि आज मिळणारं बीएस-६ डिझेल जुन्या बीएस-४ गाडीला चालतं का? चालतं, चिंता नको.

६. कूलंट : बोअरचं पाणी नको

या इंजिनाचा खालचा ब्लॉक बिडाचा आणि वरचं हेड ॲल्युमिनियमचं आहे. इंजिन एकदा जरी प्रमाणाबाहेर तापलं तरी हेड वाकू शकतं आणि हेड गॅस्केट जातं. विदर्भातल्या ४५ अंशांच्या उन्हात ही वेळ यायला फारसा उशीर लागत नाही.

कूलंटच्या जागी बोअरचं किंवा नळाचं पाणी भरलं की क्षार साठतात आणि रेडिएटर, वॉटर पंप आतून खराब होतात. म्हणून कूलंटच भरा आणि मुदतीत बदला. पातळी परत परत कमी होत असेल तर फक्त भरत बसू नका, गळती शोधा. तापमानाचा काटा वर गेला तर गाडी थांबवा, पण गरम रेडिएटरचं झाकण मुळीच उघडू नका.

उलटा प्रकारही घडतो. थर्मोस्टॅट उघडाच अडकला तर इंजिन नीट तापतच नाही, ॲव्हरेज पडतं आणि काजळी वाढते. काटा कायम खाली राहतो म्हणून खूश होण्यात अर्थ नाही.

७. पावसाचं पाणी आणि सेल्फ

डिझेल इंजिन हवा साधारण सतरा-अठरा पट दाबतं. हवा दाबली जाते, पाणी दाबलं जात नाही. साचलेल्या पाण्यात गाडी बंद पडली आणि परत सेल्फ मारला, तर सिलिंडरमध्ये शिरलेल्या पाण्यावर पिस्टन आपटतो आणि कनेक्टिंग रॉड वाकतो. मुंबई-ठाण्यात दर पावसाळ्यात अशा गाड्या गॅरेजला येतात.

म्हणून पाण्यात गाडी बंद पडली तर सेल्फ मारायचा नाही, ढकलून बाहेर काढायची आणि टो करून न्यायची. परत सेल्फ मारल्याने झालेलं नुकसान साध्या विमा पॉलिसीत सहसा भरून मिळत नाही. त्यासाठी 'इंजिन प्रोटेक्ट' हे वेगळं कलम घ्यावं लागतं आणि त्याच्याही अटी वाचाव्या लागतात.

जुनी गाडी घेताय? मग हे तपासा

समजा, लाखभर किलोमीटर चाललेली एखादी स्विफ्ट किंवा विस्टा बघायला गेलात.

- आधी बॉनेटवर हात ठेवा. गरम लागलं तर विक्रेत्याने गाडी आधीच चालू करून ठेवली होती. गार असताना परत या.
- पहिल्या पाच सेकंदांचा आवाज ऐका.
- इंजिन चालू असताना ऑइल भरायचं झाकण काढून बघा. खूप जोरात वाफ बाहेर येत असेल तर पिस्टन रिंगांची झीज संभवते.
- धुराचा रंग बघा. काळा म्हणजे हवा कमी किंवा डिझेल जास्त. निळा म्हणजे ऑइल जळतंय. गाडी तापल्यावरही पांढरा येत असेल तर नोझल किंवा कूलंटचा संशय.
- कूलंटच्या बाटलीत तेलकट तवंग नाही ना, हे बघा.
- किलोमीटरच्या आकड्यापेक्षा सर्व्हिसच्या पावत्यांवर जास्त विश्वास ठेवा. वेळेवर ऑइल बदललेली दोन लाख किलोमीटरची गाडी, हेळसांड झालेल्या ८० हजारांच्या गाडीपेक्षा बरी.

खर्च करायचा की विकायची?

चेन, एखादं नोझल, ईजीआर, पाइप ही कामं निघाली आणि बाकी इंजिन निरोगी असेल, तर खर्च करणं परवडतं. हे इंजिन इतक्या गाड्यांत बसलंय, की सुटे भाग आणि त्याची नस ओळखणारे मिस्त्री तालुक्याच्या गावीही सापडतात. पण निळा धूर, जोराची वाफ आणि कमी कॉम्प्रेशन हे तिन्ही एकत्र दिसले, तर आधी पूर्ण अंदाजपत्रक लेखी घ्या. गाडीच्या आजच्या किमतीशी ते ताडून बघा आणि मगच इंजिन खोलायला होकार द्या.

या इंजिनाचं नाव 'दणकट' म्हणून झालं, आणि त्याच नावापायी अनेकांनी त्याच्याकडे बघणं सोडलं. ते दणकट आहेच, फक्त ते तीन लिटर ऑइल वेळेवर मिळालं तर. तेव्हा उद्या सकाळी गाडी चालू करायच्या आधी बॉनेट उघडा, पट्टी काढून ऑइल बघा आणि पहिल्या पाच सेकंदांचा आवाज लक्ष देऊन ऐका. घरात किंवा ओळखीत कोणाकडे अशी गाडी असेल, तर त्यांनाही सांगा.